मान सर्वसाधारण

…आणि तो डिंकाचा थेंब अजून तिथंच होता. खसखशीच्या दाण्याचे चार भाग केले तर त्यातला एक, एवढासा. मानेच्या उजव्या अंगाला, जरासा पिवळा पडलेला. भिंगाखालचा दिवा डावीकडे सरकवला की तो चमकायचा आणि उजवीकडे नेला की काळ्या मानेत काळा होऊन बसायचा, म्हणून गेली अडतीस वर्षं ती या एका माशीसाठी दिवा उजवीकडेच ठेवत आली होती. आज सकाळी, खोलीच्या खिडक्याही उघडल्या नव्हत्या तोवर, तिनं तो डावीकडे घेतला. का घेतला ते तिलाही सांगता आलं नसतं – खपली निघालीय का बघायला बोट आपोआप जातं, तसा हात गेला.

माशी तिच्याकडे बघत होती. तशा या कुळातल्या सगळ्याच माश्या बघत असल्यासारख्या दिसतात: डोक्याच्या दोन्ही बाजूंनी दोन काड्या निघालेल्या आणि एकेका काडीच्या टोकाला एकेक लालसर डोळा, मोठ्या नरांचे तर असे की अंगाच्या लांबीपेक्षा डोळ्यांमधलं अंतर जास्त. उष्ण प्रदेशातल्या ओढ्यांकाठी राहणारं हे अख्खं कुळ. शास्त्रात त्याला भारदस्त नाव आहे. पण संग्रहालयाच्या तिसऱ्या मजल्यावरच्या या खोलीत सगळे त्यांना दांडीडोळ्याच म्हणत. संध्याकाळी नर समोरासमोर उभे राहतात, डोळ्याला डोळा लावून कुणाचे लांब ते बघतात आणि आखूडवाला मुकाट्यानं निघून जातो. मारामारी नाही, रक्तपात नाही, नुसती मोजणी. 'आपल्या कार्यालयातसुद्धा असंच असतं, फक्त इथं आखूडवाला निघून जात नाही,' असं सर म्हणायचे, आणि दर वेळी स्वतःच हसायचे.

सर म्हणजे या खोलीचे जुने प्रमुख. आणि ती म्हणजे या खोलीतली माश्या टाचणारी. हुद्द्याचं नाव लांबलचक होतं, काम मात्र एका वाक्याचं: मेलेली माशी जिवंतपणी होती तशी दिसली पाहिजे. टाचणीला पुठ्ठ्याचा इवलासा त्रिकोण, त्रिकोणाच्या टोकाला डिंक, डिंकावर माशी, खाली चिठ्ठ्या. तिच्या हाताला कंप म्हणून ठाऊक नव्हता. सर तिला 'चिमटा' म्हणायचे – 'चिमट्या, जरा इकडे ये,' 'चिमटा असताना मला कसली काळजी' – आणि आता ती साठीला टेकली, पुढच्या वर्षी निवृत्त व्हायची, तरी सरांच्या तोंडून ते नाव ऐकलं की तिची पाठ आपोआप ताठ व्हायची.

या टाचणीला तीन चिठ्ठ्या होत्या. पहिली ओढ्याची आणि तारखेची. दुसरी लाल; लाल चिठ्ठी म्हणजे ही माशी बघून जातीचं नाव ठरलं, हिला सांभाळा, हिच्यासारखी दुसरी नाही. आणि तिसरीवर सरांच्या मुंगीएवढ्या अक्षरात जातीचं नाव – म्हणजे तिचंच नाव, शेवटी लॅटिन शेपूट लावलेलं. नवऱ्याला सांगितलं तेव्हा तो मशीन चालवता चालवता थांबला होता. 'माझं नाव तुला लागलं,' तो म्हणाला, 'तुझं माशीला. आता माशीचं कुणाला लागतंय बघू.' शिंपी माणूस. बोलताना तोंडात टाचण्या असल्या तरी शब्द बरोबर बाहेर पडायचे.

आज दोन वाजता हिचा पाय काढायचा होता.

संशोधक मुलगी दीड वर्ष त्यासाठी मागं लागली होती. पायातून कसलासा अर्क काढायचा, त्यातून त्या माशीचं आनुवंशिक गोत्र वाचायचं, आणि कुळाच्या झाडावर हिची फांदी कुठली ते कायमचं ठरवायचं. लाल चिठ्ठीच्या माशीला हात लावायचा तर नियम असा की आधी तिचं डोक्यापासून शेपटीपर्यंत वर्णन पुन्हा लिहून घ्यायचं, जशी आहे तशी. एकानं भिंगातून बघून सांगायचं, दुसऱ्यानं लिहायचं. आणि ते ऐकून सरांनी निरोप धाडला होता की मी येतोय. शहाऐंशी वर्षांचे सर, तीन जिने आणि एक बिघडलेली लिफ्ट.

सर येतायत ते बघायला, की आपण बरोबर होतो. तेवढं एकच त्यांचं आयुष्यात राहिलंय, असं त्यांची सूनही फोनवर म्हणाली.

भानगड काही फार मोठी नव्हती. म्हणजे तुमच्या-आमच्या दृष्टीनं नव्हती. या कुळाच्या दोन शाखा. एक जुनी, तिच्यातल्या माश्यांच्या डोळ्यांच्या काड्या आखूड, पाठीवरचे काटेही आखूड. दुसरी नवी, तिच्यात काड्या लांब, काटे लांब. सगळ्या विद्वानांचं म्हणणं असं की डोळे एकदाच लांबले, नव्या शाखेत. सर एकटे म्हणत होते की दोनदा. जुन्या शाखेतही एकदा लांबले, आपापले, कुणाचं बघून नव्हे. पुरावा काय, तर ही माशी: पाठ जुन्या शाखेची, डोळे मात्र हे एवढाले. 'एका माशीवर सिद्धांत?' लोक हसायचे, परिषदांत हसायचे, छापून हसायचे. सर म्हणायचे, एक असली तरी आहे ना?

एक असली तरी आहे… ती उठली, खिडक्या उघडल्या, पुन्हा बसली. भिंतीवर पंख्याच्या बटणाखाली तिच्याच अक्षरातली पाटी होती, 'पंखा लावू नये'. रंग उडाला की ती दर दोन-तीन वर्षांनी नवी लिहायची. विभागातले लोक तिला थंडी वाजते म्हणून चिडवत. भर उन्हाळ्यात घाम पुसत पुसत चिडवत.

नोकरीला लागून सहा आठवडे झाले होते तेव्हा. सर ओढ्यावरून आले होते, दोन डब्या भरून, आणि त्यातल्या दोन माश्या तिनं वाळायला म्हणून कागदावर ठेवल्या होत्या, शेजारी शेजारी. उकडत होतं. तिनं पंखा लावला… पंख्याचं पहिलं फिरणं, तो करकर आवाज, आणि कागदाच्या कडेनं काहीतरी घरंगळत गेलं. वाळलेल्या माशीचं डोकं म्हणजे काय, फुंकर जास्त झाली तरी निखळतं. दोन धडं राहिली. डोकी दोन्ही गेली. जमिनीवर पालथी पडून, पदर कमरेला खोचून, तासभर शोधलं तेव्हा टेबलाच्या पायाशी एक डोकं मिळालं. दुसरं मिळालं नाही ते नाहीच. मुंगीनं नेलं, केरात गेलं, देव जाणे. बाहेर जिन्यात सरांच्या चपला वाजल्या. तिची पाचावर धारण बसली होती. एक डोकं, दोन धडं, आणि नवी नोकरी – मग जे धड जास्त नीटनेटकं होतं, पंख न फाटलेलं, त्याला तिनं डोकं चिकटवलं. काय कळत होतं मला तेव्हा? जुनी शाखा, नवी शाखा, काटे आखूड की लांब, मला नुसतं एवढं कळत होतं की डोक्याशिवाय माशी बरी दिसत नाही.

हात मात्र उत्तम चालला होता. तो जोड तिनं पुन्हा कितीदा बघितला, आणि दर वेळी, लाज वाटत असतानाही, मनात कुठंतरी यायचंच – सुरेख बसलंय.

दुसऱ्या धडाला तिनं चिठ्ठी लावली, 'डोके नाही', आणि ते लांब काट्यांचं धड रीतसर नव्या शाखेच्या खणात जाऊन बसलं. अजून तिथंच होतं, सत्ताविसाव्या खणात, मागच्या रांगेत. दर वर्षी डांबरगोळ्या बदलताना ती त्या खणापाशी जरा जास्त वेळ थांबायची. आईनं दोन लेकरांना घेऊन जत्रेत जावं आणि एकाचा हात सुटावा, तसं काहीतरी व्हायचं तिला त्या धडाकडे बघून. हे कुणाला सांगितलं असतं तर लोकांनी वेड्यात काढलं असतं.

तीन महिन्यांनी सरांनी बोलावलं. चेहरा असा की लॉटरी लागली. ते भिंगाशी बसले आणि ती वही घेऊन समोर. सर सांगायचे, ती लिहायची, आणि लिहून झालं की म्हणायची, 'पुढे.' ही इथली पद्धतच, बाकी काही बोलायचं नाही. डोक्याची रुंदी. पुढे. काड्यांचा रंग. पुढे. एव्हाना तिनं खण उघडून उघडून काट्यांचा फरक डोळ्यात भरून घेतला होता. एव्हाना तिला कळलं होतं, सगळं. सर म्हणाले, 'मान…' आणि थांबले. बराच वेळ थांबले. त्यांची मान भिंगावर वाकलेली, कानामागचा केस न् केस तिला दिसत होता, आणि… आता बोल, आता. मग सर म्हणाले, 'मान सर्वसाधारण.' आणि तिनं लिहिलं, मान सर्वसाधारण. आणि म्हणाली, 'पुढे.'

त्या दिवशी संध्याकाळी सर म्हणाले होते, 'नाव तुझं देतोय, चिमट्या. तुझ्या हाताशिवाय ही माशी नसतीच.'

अकरा वाजता मुलगी आली, हातात दोन चहा. केस विस्कटलेले, डोळ्यांखाली काळं. रात्रभर जागली असणार.

"ताई, झोपच नाही आली. तुम्हाला?"

"मला कशाला नाही यायची?"

"तुमच्या नावाची आहे ना ती. आज तिचा पाय तोडणार मी." मुलगी खुर्ची ओढून जवळ बसली आणि टाचणीकडे बघत राहिली, हात पाठीमागं बांधून, चुकून लागू नये म्हणून. "माझं चौथं प्रकरण सगळं हिच्यावर उभंय. सगळ्यांनी सांगितलं, एका माशीवर विसंबू नकोस. पण सरांनी कुणी सोबत नसताना एवढी वर्षं धरून ठेवलं म्हटल्यावर… मला वाटलं, एकीनं तरी त्यांच्या बाजूला उभं राहावं."

"निकाल उलटा आला तर?"

"आला तर आला. पायच सांगेल."

पायच सांगेल. तिनं चहाचा घोट घेतला, जीभ पोळली. इथंच तर सगळी मेख होती, आणि ती जगात एकटीलाच ठाऊक होती. पाय धडाचा, आणि धड खरंच जुन्या शाखेचं! पाय खरंच बोलणार, पण अर्धंच बोलणार. निकाल येणार सरांच्या बाजूनं, टाळ्या पडणार, डोक्याला कुणी काही विचारणारच नाही. गप्प बसायचं, बस्स. अडतीस वर्षं बसले तशी अजून तीन तास. झाकली मूठ सव्वा लाखाची. नवऱ्याला एकदा तिनं दुसऱ्या कुणाची गोष्ट म्हणून सांगितली होती. तो म्हणाला होता, 'जोड दिसला नाही म्हणजे शिवण चांगली. पण एकदा धुतल्यावर कळतंच, एक कापड आटतं, एक नाही.' पण हे कापड धुवूनही कळणार नव्हतं. उलट पक्कंच होणार होतं… आणि ही पोरगी, हे विस्कटलेले केस घेऊन, त्यावर आयुष्य बांधणार. उद्या दुसऱ्या कुणाला त्या ओढ्यावर शंभर माश्या मिळतील, शंभरच्या शंभर आखूड डोळ्यांच्या, आणि मग हसतील ते हिला. सर तोवर असणार नाहीत. मीही कदाचित. ही असेल.

"कुठला पाय घेऊ, ताई?"

"डावा मागचा घे," ती म्हणाली. "उजवा आधीच मोडका आहे." आवाज नेहमीचाच निघाला, याचं तिला नवल वाटलं.

सर दीडला आले. काठी, शिपायाचा खांदा, प्रत्येक मजल्यावर पाच मिनिटांचा मुक्काम. दारात उभं राहून त्यांनी डोकं तिरकं केलं आणि डोळ्यांच्या कडेनं खोली न्याहाळली. त्यांच्या नजरेच्या मधोमध आता काळा डाग होता. बाजूचं दिसायचं, समोरचं नाही.

"बघ, चिमट्या, शेवटी मीच दांडीडोळ्या झालो. कडेकडेनंच दिसतं."

"काड्या अजून फुटल्या नाहीत, सर."

"फुटतील. धीर धर."

ती हसली, आणि हसता हसताच डोळे भरून आले, कारण एकदम आठवलं. पिंजऱ्यात कोषातून नुकती निघालेली माशी, डोकं चिरगुटासारखं सुरकुतलेलं, आणि सर तिचं मनगट धरून तिला खेचत घेऊन आले होते: बघ, लवकर बघ. माशी हवा गिळत होती आणि त्या हवेनं डोळ्यांच्या काड्या हळूहळू, दिसेल न दिसेल अशा, बाहेर सरत होत्या. 'पंधरा मिनिटं मिळतात फक्त,' सर कुजबुजले होते, माशीची झोप मोडणार नाही अशा बेतानं. 'तेवढ्यात काय ते पसरायचं. मग कवच वाळतं, घट्ट होतं, मग नाही.' एवढं प्रेम तिनं कुणाच्या आवाजात आधी ऐकलं नव्हतं. बापाच्याही नाही.

"आज तू भिंगाशी," सर म्हणाले. "माझे डोळे गेले, तर तुझ्यानं बघतो. लिहिणार मी. मोठ्या अक्षरात का होईना, पण लिहिणार मीच." मुलीनं त्यांच्यापुढं मोठे कागद ठेवले, जाड पेन दिलं, आणि स्वतः चिमटा हातात घेऊन खिडकीपाशी उभी राहिली, श्वास धरून. पेन उघडताना सरांच्या बोटांना शाई लागली. ते खूश होते. पोरासारखे, लपवता न येण्याइतके खूश.

ती भिंगावर वाकली. दिवा अजून डावीकडेच होता. हात उचलून तो उजवीकडे करायला एक क्षण लागला असता.

"डोकं," ती म्हणाली. "रुंदी नऊ मिलिमीटर. काड्या तपकिरी, टोकाशी काळपट."

पेन कागदावर खरखरलं, सावकाश, एकेक अक्षर. "पुढे."

"डोळे लालसर. डाव्या डोळ्याला बारीक चीर."

"ती माझ्या वेळी नव्हती."

"नव्हती, सर. नंतर पडली."

"पुढे."

मान. ती थांबली. बराच वेळ थांबली. खालून रस्त्यावरून कसलातरी भोंगा गेला. थेंब चमकत होता, पिवळा, इवलासा, आणि तिला वाटलं, त्या दिवशी सर थांबले ते कशासाठी? त्यांचा दिवा तेव्हा कुठल्या बाजूला होता? हा प्रश्न अडतीस वर्षांत तिला एकदाही पडला नव्हता. तिची सगळी भीती आपल्यापुरतीच होती, सरांच्या थांबण्यात सरांचंही काही असेल हे मनातच आलं नव्हतं. कोण जाणे. आणि आता विचारून तरी काय…

"मानेच्या उजव्या बाजूला डिंक आहे," ती म्हणाली. डोळा भिंगावरून काढला नाही. काढला असता तर बोलता आलं नसतं. "डोकं चिकटवलेलं आहे. मी चिकटवलंय. पंख्यानं दोन माश्यांची डोकी उडाली होती, सर, आणि मिळालं एकच. ते या धडाचं नाही."

खिडकीपाशी मुलीचा चिमटा फरशीवर पडला. कुणी उचलला नाही.

"दुसरं धड?" सरांनी विचारलं. आवाजावरून काही कळेना. माहिती विचारावी तसा.

"सत्ताविसावा खण. मागची रांग. 'डोके नाही' अशी चिठ्ठी आहे. मी दर वर्षी बघते त्याला."

मग पेन खरखरायला लागलं. फार सावकाश, मध्येच थांबून, पुन्हा. ती ऐकत राहिली. एका शब्दाचा आवाज नव्हता तो, दोनतीन तरी होते; 'डिंक' लिहायला एवढा वेळ लागत नाही, आणि 'मान सर्वसाधारण' लिहायला तेवढाच लागतो. डोकं उचललं असतं तर दिसलं असतं. अक्षरं मोठी होती. तिनं उचललं नाही.

टाचणी धरलेला आपला हात कापतोय, हे तिला भिंगातून कळलं, कारण माशी थरथरत होती. आयुष्यात पहिल्यांदा. तिनं हात घट्ट करायचा प्रयत्न केला नाही, कापू दिला. समोर धूसर होत होती आणि स्पष्ट होत होती ती माशी नव्हतीच आता. एक डोकं होतं, उमदं, कुठल्याशा नराचं, आणि एक धड होतं, छोट्या आखूड डोळ्यांच्या कुणाचं तरी, ज्याचं स्वतःचं डोकं या खोलीच्या केरात कधीच गेलं. दोघं किती वर्षं एकमेकांना धरून बसले होते. तिला दोघांची सारखीच माया वाटली, वेगवेगळी, आणि भीती जिथं असायची तिथं तिनं चाचपून पाहिलं तर तिथं काय होतं ते तिला ओळखता येईना.

"पुढे," सर म्हणाले.

तिनं दोन्ही डोळे पुसले आणि पुन्हा भिंगाला लावले.

"पाठ," ती म्हणाली. "पाठीवरचे काटे आखूड."